सरनौबतांच्या पाणपोईवरची जनाबाई

पाणपोईवर बाई ठेवताना तिची जात विचारतात, तिच्या घरी पाणी आहे का हे कोणी विचारत नाही. जनाबाईलाही विचारलं नव्हतं. मराठ्याची बाई, विधवा, वयाने पोक्त, तोंडाने शांत, एवढं पाहून बाळकृष्णपंत कारभाऱ्यांनी तिला इंदूरच्या राजवाड्याजवळच्या सरनौबतांच्या पाणपोईवर उभी केली. पाडव्याला पाणपोई उघडायची आणि मृग लागला की मिटायची. तेवढे दिवस उन्हं तापायच्या आत यायचं आणि दिवेलागणीला घरी जायचं. ‘तोंडाने शांत’ हा पंतांचा अंदाज साफ चुकला होता, पण ते त्यांना कळायला काही उन्हाळे जावे लागले.

पाणपोई होती मात्र झकास. ताट्यांची झोपडी, ताट्यांना वाळा लावलेला, आत ओल्या वाळूत गळ्यापर्यंत रोवलेले रांजण. हातात लांब तोटीची पितळी झारी घेऊन जनाबाई पाटावर बसायची. बाजारात पोती वाहणारे हमाल यायचे, टांगेवाले यायचे, लग्नाचा बस्ता बांधायला आलेली खेड्यातली माणसं यायची. माणूस समोर उकिडवा बसून ओंजळ तोंडाला लावी आणि जनाबाई वरून धार सोडी. पिणाऱ्याने मान हलवली की धार थांबवायची, तोवर नाही. धार मधेच तोडणं म्हणजे पाप, असं तिला पहिल्याच दिवशी बजावलं होतं. बाजूला एक पत्र्याची पन्हळ होती. ती कोणासाठी होती हे कायदा होऊनही सगळ्यांना माहीत होतं, आणि जनाबाईला त्यात तेव्हा काही खटकत नसे. उगाच तिला देवी करून मखरात बसवण्यात अर्थ नाही.

ती राहायची सरनौबतांच्याच पागेत. होळकरशाहीत सरनौबत घोडदळातले मोठे मानकरी. त्यांच्या बंगल्याच्या पाठीमागे, उताराच्या अंगाला, घोड्यांची लांबलचक पागा होती. जनाबाईचा सासरा तिथे मोतद्दार होता, घोड्यांचा खरारा करण्यात त्याचा जन्म गेला. मग संस्थानं विलीन झाली. फौज मोडली, घोडी विकली गेली, आधी मध्य भारत झाला आणि तो अंगवळणी पडतो न पडतो तोच मध्य प्रदेश झाला आणि राजधानी उचलून भोपाळला नेली. इंदूरचे लोक चिडले, सराफ्यात रात्रीच्या खाऊच्या गाड्यांवर खाता खाता सरकारला शिव्या देऊन झाल्या. दौलतराव सरनौबतांनी मात्र वेळ दवडला नाही. त्यांनी पागेत एकेका घोड्याच्या ठाणाला पत्रे ठोकले, पुढे दार बसवलं आणि गिरणीतल्या माणसांना त्या खोल्या भाड्याने दिल्या. जिथे एक घोडं बांधत होते तिथे आता नवरा, बायको, म्हातारी आणि पोरं राहू लागली. मोतद्दाराची सून म्हणून जनाबाईला कोपऱ्यातली खोली मिळाली होती. भाडं तिलाही चुकलं नव्हतं.

घोड्यांसाठी पागेच्या मधोमध एक दगडी हौद होता. बंगल्याच्या टाकीतून लोखंडी नळी खाली यायची आणि हौद सदा भरलेला असायचा. घोडी गेली आणि त्या नळीची चावी बंगल्याकडून बंद झाली. माणसांना काय, फाटकाशी नगरपालिकेचा नळ आहे की! होताही. सकाळी थोडा वेळ करंगळीएवढी धार यायची, तिच्यापुढे हंड्यांची रांग लागायची, रांगेत झिंज्या उपटल्या जायच्या, पण प्रत्येक घरात दोन घागरी पाणी पडायचं. त्या वर्षी फाल्गुनात दौलतरावांनी बंगल्यापुढे हिरवळ केली, कारंजं बसवलं आणि नगरपालिकेच्या त्याच नळाच्या लाइनीवर विजेची मोटर लावली. सकाळी वर मोटर सुरू झाली की खाली पागेतला नळ नुसता फुसफुसायचा. बायका नळाला तोंड लावून ओढायच्या, तर हवा यायची. आणि पागेच्या भिंतीवरून मान उंचावली की पलीकडे कारंजं उडताना दिसायचं. माणसाच्या तोंडचं पाणी काढून गवताला घालायचं, ही अक्कल पैशाशिवाय येत नाही.

तक्रार करायची कोणाकडे? ज्यांच्याकडे करायची ते बंगल्यावर चहाला यायचे. पागेची बायकामाणसं मग मागच्या जुन्या बावडीकडे वळली. बावडीत तळाला हिरवट पाणी होतं, त्यात कुठल्या कुठल्या गोष्टी तरंगायच्या. फडक्याने गाळून तेच पिऊ लागली. चैत्र संपता संपता पागेत ढाळ आणि उलट्या सुरू झाल्या. शेजारच्या खोलीतल्या मंगलाची तीन वर्षांची पोर सकाळी हसत खेळत होती आणि दुसऱ्या सकाळी नव्हती. बंगल्यावरून मंगलाकडे एक शेर तांदूळ आणि नारळ आला. पाणी आलं नाही.

आणि मग जनाबाईची सून अंबिका पडली. अंबिकाच्या अंगावर सहा महिन्यांची मुलगी पीत होती. दोन दिवसांत अंबिकाचे डोळे खोल गेले, ओठांची सालं निघाली, दूध आटलं. हरी, जनाबाईचा मुलगा, गिरणीतली पाळी बुडवून तिला टांग्यात घालून दवाखान्यात घेऊन गेला. डॉक्टरने औषध दिलं आणि म्हणाला, "दवा से ज़्यादा पानी दो. स्वच्छ पाणी, उकळून, घोट घोट, दिवसभर. बावडीचं पाणी परत पाजलंत तर मग माझ्याकडे आणू नका."

"पाणी कुठून आणू?" हरीने विचारलं.

डॉक्टर भला माणूस होता, पण त्याने पुढच्या रोग्याला हाक मारली.

पाणी जनाबाईकडे होतं. दिवसभर तिच्या हाताखाली रांजणच्या रांजण गार पाणी होतं. बंगल्यातला माणूस बैलगाडीवर पिंपं घालून रोज सकाळी ते भरून जायचा, म्हणजे पागेच्या नळाचंच पाणी मोटरीने वर चढून, टाकीत बसून, बैलगाडीतून राजवाड्यापर्यंत येत होतं. त्या संध्याकाळी पाणपोई झाकताना तिने तांब्या भरला, पदराखाली धरला आणि निघाली. वाळवंट ओलांडायचं नव्हतं, पाव कोसावर घर होतं. पण त्याच वेळी बाळकृष्णपंत उद्याच्या सोयीची पाहणी करायला आले.

"पदराखाली काय आहे, जनाबाई?"

"पाणी आहे, पंत. सून आजारी आहे. डॉक्टर बोलले, साफ पाणी द्या. पागेत एक बूंद नाही आहे, तुम्हाला तो मालूम आहे."

"अगं, पण हे संकल्पाचं पाणी. सरकारांच्या कैलासवासी आईसाहेबांच्या नावाने सोडलेलं. इथेच ओंजळीने प्यायचं असतं. भांड्यात भरून घरी नेलं की पुण्य भंगतं. तू इतकी वर्षं इथे बसतेस, तुला सांगायला पाहिजे का?"

"तिला इथपर्यंत चालता आलं असतं तर मी ओंजळच भरली असती ना. ती उठून बसत नाही, पंत."

पंतांनी तिच्या हातातून तांब्या घेतला. ते ओरडले नाहीत, हात उगारला नाही, सभ्य माणूस. त्यांनी तांब्या शांतपणे रस्त्यावर उपडा केला आणि रिकामा तिच्या हातात दिला. पाणी दगडी फरशीवरून पसरलं, गटाराच्या कडेला एक कुत्रं होतं ते येऊन चाटू लागलं. पंतांनी कुत्र्याला हाकललं नाही. कुत्र्याने प्यायलं तर पुण्य भंगत नसावं.

जनाबाई तशीच बंगल्यावर गेली. आजवर ती मागच्या दाराने जायची, त्या दिवशी पुढून गेली. व्हरांड्यात दौलतराव आरामखुर्चीत होते आणि त्यांच्या पत्नी प्रेमलताबाई अक्षय्य तृतीयेचं सामान बाजूला काढत होत्या. मातीचे नवे घट, पांढरं सूत, सुपात आंबे, पंखे. प्रेमलताबाई वाईट बाई नव्हत्या. हेच तर खरं दुःख. त्यांनी जनाबाईला बसायला सांगितलं, तिच्यापुढे कैरीचं पन्हं ठेवलं, त्यात बर्फाचे खडे होते, आणि अंबिकाची हकीकत ऐकून त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं.

"बाईसाहेब, दोन घागरी पाणी रोज द्या, बस. मी स्वतः घेऊन जाईन, मागच्या दाराने," जनाबाई म्हणाली.

प्रेमलताबाईंनी नवऱ्याकडे पाहिलं. दौलतराव म्हणाले, "हे बघ जनाबाई, तुला एकटीला द्यायला काय जातंय? पण एकीला दिलं की उद्या सगळी पागा हंडे घेऊन दारात उभी राहणार. मग आमच्या बायकांनी या अंगणात वावरायचं कसं? परवा अक्षय्य तृतीया आहे. साहेबलोक येणार आहेत, फोटोवाला येणार आहे. ते पार पडू दे. नंतर बघू काय करायचं ते."

"परवापर्यंत ती जगेल का, सरकार?"

"अशुभ बोलू नये," दौलतराव म्हणाले. प्रेमलताबाईंनी आतून एक कोरं इरकली लुगडं आणून तिच्या हातावर ठेवलं. "परवा हे नेसून ये हं. फोटोत चांगलं दिसलं पाहिजे."

जनाबाईने पन्ह्याला तोंड लावलं नाही. तिने विचारलं, "हे घेऊन जाऊ का? सुनेला?" त्यावर मात्र प्रेमलताबाई लगेच हो म्हणाल्या. पेला तेवढा परत आणून द्यायला सांगितला.

त्या पेलाभर पन्ह्यावर आणि हरीने गिरणीच्या नळावरून सायकलला बांधून आणलेल्या एका डब्यावर अंबिकाने दोन दिवस काढले. डबा आणताना दरवानाने हरीला दोनदा धरलं. पोरीला शेजारणी आळीपाळीने छातीशी घ्यायच्या. मंगला तिला घ्यायला पुढे झाली आणि मग नुसती बसून राहिली. जनाबाईने दुसऱ्या दिवशीही पाणपोईवर धार धरली. समोर ओंजळी यायच्या, भरायच्या, माना हलायच्या.  प्यायलेला माणूस तिला दुवा द्यायचा, "जीती रह माय," आणि तिला वाटायचं, ही झारी याच्या टाळक्यात घालावी. त्या बिचाऱ्याचा काय गुन्हा होता? पण राग येतो तेव्हा तो पत्ता विचारून येत नाही.

अक्षय्य तृतीया, पागेतल्या बायकांची आखातीज, उजाडली. पाणपोईपुढे मांडव, मांडवाला आंब्याची पानं, खुर्च्या, गालिचा. एका बाजूला दौलतराव रेशमी उपरणं घेऊन, दुसऱ्या बाजूला मोटारीतून उतरलेले साहेब आणि त्यांच्या बायका. फोटोवाला काळ्या कपड्यात डोकं घालून बसलेला. पुढे हमालांची, टांगेवाल्यांची रांग, कारण त्या दिवशी पाण्याबरोबर प्रत्येकाला एक आंबा आणि एक पंखा मिळायचा.

सरनौबतांच्या घरची या दिवसाची एक रीत होती, ती दौलतरावांच्या आईने, आनंदीबाईसाहेबांनी घातलेली. पाणपोईवर पहिला तहानलेला वाटसरू ओंजळभर पाणी प्यायल्याशिवाय यजमानाने पाण्याचा थेंब घ्यायचा नाही आणि घरी पितरांचं पान वाढायचं नाही. वाटसरू म्हणजे पायी चालत आलेला माणूस, घरचा नाही आणि आमंत्रणाचाही नाही. म्हातारी स्वतः पाणपोईवर बसून ती रीत पाळायची. ती गेल्यापासून दौलतरावही पाळत होते, कारण आईचा आत्मा त्या दिवशी पाणी मागतो, हे ते मनापासून मानत. त्यात ढोंग नव्हतं.

भटजींनी संकल्प सोडला. सूत गुंडाळलेल्या घटातलं पाणी झारीत आलं, झारी जनाबाईच्या हातात. ती नव्या लुगड्यात नव्हती, जुन्याच विटक्या लुगड्यात होती, आणि पंतांचं तोंड त्यामुळे आधीच कडू झालं होतं. रांगेत पहिला लक्ष्मण हमाल होता. धान्याच्या गोदामात पोती वाहणारा, मानेवर पोत्याचा घट्टा पडलेला माणूस, रोज जनाबाईच्या हातचं पाणी पिणारा. तो उकिडवा बसला, त्याने ओंजळ लावली आणि सवयीने विचारलं, "कशी आहे मावशी? घरी सब ठीक?"

जनाबाईने हे ठरवून केलं असं पुढे लोक सांगत. ठरवलेलं काही नव्हतं. त्याने विचारलं आणि तिने उत्तर दिलं, एवढंच झालं. पण ती दोन दिवस गप्प होती आणि तिचा आवाज सगळ्या मांडवात गेला.

"पी लक्ष्मणा, पोटभर पी. घरात माझी सून पाण्यावाचून पडली आहे. मंगलाची पोर तर गेलीच. आमच्या नळाचं पाणी मोटर लावून वर खेचतात, गाडीत घालून इथे आणतात आणि आईच्या नावाने वाटतात. त्यातला एक तांब्या मी सुनेसाठी घेतला तो पंतांनी इथे, या रस्त्यावर ओतला. पण तू पी. तुझी काही चूक नाही. मी धार नाही तोडणार, पाप लागतं म्हणतात."

आणि तिने धार धरली. ओंजळ भरली, बोटांवरून पाणी वाहू लागलं. लक्ष्मणाने तोंड खाली नेलं नाही. तो भरल्या ओंजळीकडे बघत राहिला. मग त्याने दोन्ही हात बाजूला केले. पाणी खाली मातीत गेलं.

"नाही मावशी. हे गळ्याखाली नाही उतरणार. अपन को नी पीना," तो म्हणाला आणि उठून रांगेबाहेर जाऊन उन्हात उभा राहिला.

त्याच्या मागचा आला, त्याने जनाबाईकडे पाहिलं आणि न बसताच लक्ष्मणाशेजारी जाऊन उभा राहिला. मग तिसरा. रांगेत कुजबुज मागे मागे सरकत गेली आणि रांग बाजूला वळली. एका टांगेवाल्याने आंबा तेवढा घेतला, पाणी नाही. पंत धावले, "अरे, प्या रे, काय झालंय तुम्हाला! या बाईचं डोकं फिरलंय!" कोणीतरी मागून म्हणालं, "भिया, आधी पागेत पाणी दो, मग आम्हाला पाजा."

साहेबलोकांना मौज वाटली, मग कंटाळा आला. एक साहेब हसत म्हणाले, "लाइए, मैं पी लेता हूँ," आणि पुढे झाले, पण भटजींनी मान हलवली. साहेब मोटारीतून आले होते आणि आमंत्रणाने आले होते. ते वाटसरू कसे होणार? पंतांनी रस्त्यावरून जाणाऱ्या एका खेडुताला हाताला धरून आणलं. तो बसला, ओंजळ लावली, आणि उन्हात उभ्या माणसांची तोंडं पाहून त्याने हात झटकले. "कोई झगड़ा दिखे है. म्हने नी पीणो," म्हणत तो निघून गेला.

वैशाखाचं ऊन चढत गेलं. साहेबांच्या मोटारी निघून गेल्या. फोटोवाल्याने सामान आवरलं. मांडवात दौलतराव खुर्चीवर बसून होते. पहाटेपासून त्यांच्या पोटात पाणी नव्हतं. त्यांच्यापुढे रांजण भरलेले होते, वाळ्याचा वास सुटला होता, आणि त्यांना एक घोट घेता येत नव्हता. त्यांनी ओठांवरून जीभ फिरवली. मग पुन्हा फिरवली. जनाबाई पाटावर बसून ते बघत होती. अंबिका दोन दिवस असंच करत होती, हे तिच्या ध्यानात आलं आणि तिला दया आली नाही. यायला हवी होती, असं कोणी म्हणत असेल तर त्याने एकदा पागेत राहून बघावं.

दुपार टळायला लागली तेव्हा दौलतराव उठले. त्यांना जरा चक्कर आल्यासारखं झालं, खांबाला धरून ते पाणपोईपाशी आले. आयुष्यात पहिल्यांदाच ते जनाबाईपुढे वाकून बोलले, कारण आवाज मोठा निघतच नव्हता.

"जनाबाई, असं करू नकोस. आईचा दिवस आहे. तिची तहान भागली नाही तर..."

"आईसाहेबांशी माझं काही भांडण नाही, सरकार. त्या माझ्या सासऱ्याच्या घोड्यांना पाणी देत होत्या. तुम्ही मोटर बंद करा. आणि टाकीत साठलेलं पाणी आहे ते आमच्या नळाचं आहे, ते हौदात सोडा. जुनी चावी फिरवायची आहे फक्त."

"आत्ता?"

"तहान आत्ता लागली आहे ना?"

दौलतरावांनी पंतांकडे पाहिलं आणि हात हलवला. पंत टांग्यात बसून गेले. गंजलेली चावी फिरेना, तेल घालून, पान्याने ठोकून फिरवावी लागली, तोवर बराच वेळ गेला.  हमाल उन्हातून हलले नव्हते, आणि त्यांनाही तहान लागली होती, हे विसरून चालणार नाही. शेवटी हरी धावत आला, गुडघ्यापर्यंत भिजलेला.

"आई, हौदात पाणी पडतंय. आधी गंजाचं आलं, लाल, आता साफ येतंय. मंगलाताईने चूल पेटवली, उकळायला ठेवलं आहे."

"अंबिकाला?"

"तिचंच पहिलं ठेवलं आहे."

जनाबाईने झारी उचलली. लक्ष्मण न बोलावता आला, उकिडवा बसला, आणि इतका वेळ प्यायला की झारी दोनदा भरावी लागली. त्याने मान हलवली तेव्हा भटजींनी घाईघाईने मंत्र म्हटला. त्यानंतर दौलतराव सरनौबत, रेशमी उपरण्यासकट, त्याच जागी उकिडवे बसले. पेला आणायची वाट पाहण्याइतका दम त्यांच्यात उरला नव्हता. जनाबाईने त्यांच्या ओंजळीत धार धरली आणि त्यांनी मान हलवेपर्यंत तोडली नाही.

अंबिका वाचली. दूध परत आलं नाही, पोर बकरीच्या दुधावर वाढली. जनाबाईला दुसऱ्याच दिवशी पंतांनी पाणपोईवरून काढलं, आणि ती एका घरी पापड लाटायला जाऊ लागली. मोटर पुन्हा लावायची किंवा हौदाची चावी मिटायची हिंमत मात्र बंगल्याला झाली नाही. गवत वाळलं, कारंज्यात सरडे फिरू लागले.

पण पैसेवाल्या माणसाला हरता येत नाही, ते त्याला कोणी शिकवलेलं नसतं. मृग लागायच्या सुमारास पाथरवट एक संगमरवरी फरशी घेऊन पागेत आला. बरोबर पंत. फरशी हौदाच्या भिंतीत बसवायची होती आणि तिच्यावर सुबक अक्षरांत कोरलं होतं: कैलासवासी आनंदीबाई सरनौबत यांच्या स्मरणार्थ त्यांचे चिरंजीव दौलतराव यांनी पागेतील गोरगरिबांस हे जल दान केले.

हरीने ते मोठ्याने वाचून दाखवलं. बायका हंडे खाली ठेवून ऐकत होत्या. वाचून झाल्यावर मंगला पुढे आली आणि तिने पाथरवटाला विचारलं, "याच्या खाली जागा आहे का? माझ्या पोरीचं नाव पण कोरशील?"

पाथरवट पंतांकडे बघू लागला. पंत म्हणाले, "तसं करता येत नाही, मंगला. हे देणाऱ्याचं नाव असतं."

"देणाऱ्याचं?" जनाबाई म्हणाली. "पंत, चोरलेलं परत केलं की त्याच्यावर नाव कोरतात, हे मला आज कळलं." मग ती पाथरवटाकडे वळली. "भिया, फरशी मजबूत आहे?"

"एक नंबर माल आहे, माय. मकराना."

"मग हौदाच्या बाजूला इथे बसव. आडवी. अक्षरं खाली कर, म्हातारीच्या नावावर पाय नको पडायला. तिने आमचं काही वाईट केलं नव्हतं. धुण्याला दगड पाहिजे होता आम्हाला."

"हे सरकारांना सांगावं लागेल," पंत म्हणाले.

"सांगा ना. हे पण सांगा की पुढच्या आखातीजला वाटसरू आत्तापासून शोधून ठेवा."

 पंत फाटकापर्यंत गेले, थांबले, आणि मग निघून गेले. पाथरवटाने थोडा वेळ वाट पाहिली. मजुरी त्याला आगाऊ मिळालेली होती. त्याने कुदळ घेतली, हौदाशेजारची माती सारखी केली आणि फरशी पालथी घालून चुन्यात पक्की बसवली. चुना वाळल्यावर पागेतली पहिली बादली मंगलाने तिथे आणली. अजूनही त्या फरशीवर सगळ्यात जोरात धुणं तीच आपटते.